हबीब तन्वीर: छत्तीसगढी बोलीला रंगमंच मिळवून देणारे नाटककार

छत्तीसगढच्या खेड्यांतील विनोदी कलावंतांना त्यांच्याच बोलीत जगापुढे उभे करणारे रंगकर्मी म्हणून हबीब तन्वीर ओळखले जातात. मात्र या बोलीचे सामर्थ्य उमगण्यासाठी त्यांना स्वतःची कार्यपद्धती बदलावी लागली.

तन्वीर यांचा जन्म १ सप्टेंबर १९२३ रोजी रायपूर येथे झाला. नागपूरच्या मॉरिस महाविद्यालयातून १९४४ मध्ये पदवी घेतल्यानंतर १९४५ मध्ये ते मुंबईत आले आणि आकाशवाणीच्या मुंबई केंद्रात निर्माता म्हणून रुजू झाले. मुंबईतच ते 'इप्टा' या नाट्यचळवळीशी जोडले गेले. १९५४ मध्ये दिल्लीत त्यांनी 'आग्रा बाजार' हे नाटक सादर केले आणि पुढील वर्षी नाट्यशिक्षणासाठी ते इंग्लंडला गेले.

१९५८ मध्ये मायदेशी परतल्यावर रायपूर येथे त्यांनी 'नाचा' पाहिला. हास्य, गाणी आणि उत्स्फूर्त संवाद यांनी रात्रभर रंगणारा हा छत्तीसगढी लोकनाट्यप्रकार आहे. त्यातील सहा कलावंतांना दिल्लीला नेऊन त्यांनी 'मृच्छकटिक'वर आधारित 'मिट्टी की गाडी' हे नाटक केले. १९५९ मध्ये पत्नी मोनिका मिश्र यांच्यासह त्यांनी 'नया थिएटर'ची स्थापना केली.

गावाला रात्रभर हसवणारे हे कलावंत शहरातील रंगमंचावर मात्र अवघडून जात. याची कारणे तन्वीर यांना बऱ्याच वर्षांनी उमगली. लिहितावाचता न येणाऱ्या या नटांवर ते ठरावीक हालचाली लादत होते आणि मातृभाषेऐवजी हिंदीत बोलायला लावत होते. त्यांनी ही दोन्ही बंधने काढून टाकली. १९७३ मध्ये रायपूर येथील कार्यशाळेतून, नाचातील तीन प्रहसने गुंफून, 'गाँव का नाम ससुराल, मोर नाम दामाद' हे नाटक साकारले. छत्तीसगढी संवाद असूनही दिल्लीच्या प्रेक्षकांनी त्याचे स्वागत केले.

पोलाद कारखान्यामुळे भिलाई येथे देशभरातील कुटुंबे स्थायिक झाली. आज स्मृतिनगरसारख्या तेथील वसाहतींत हिंदी ही परस्परव्यवहाराची भाषा आहे, तर आसपासच्या गावांची बोली छत्तीसगढी आहे. याच भिलाईतील एका कार्यशाळेत तन्वीर यांच्या सर्वांत गाजलेल्या नाटकाला आकार आला. सत्याला सर्वोच्च मानणाऱ्या सतनामी समाजाच्या मेळाव्यात त्याचे आरंभीचे रूप सादर झाले. खोटे न बोलण्याचे वचन प्राण देऊनही पाळणाऱ्या चोराची ही कथा १९७५ मध्ये 'चरणदास चोर' या नावाने रंगमंचावर आली. १९८२ मध्ये एडिनबरो येथील नाट्यमहोत्सवात या नाटकाला 'फ्रिंज फर्स्ट' पुरस्कार मिळाला.

तन्वीर यांना २००२ मध्ये पद्मभूषण, तर त्यांचे ज्येष्ठ नट गोविंदराम निर्मलकर यांना २००९ मध्ये पद्मश्री किताब प्रदान करण्यात आला. ८ जून २००९ रोजी भोपाळ येथे तन्वीर यांचे निधन झाले.

छत्तीसगढ विधानसभेने २००७ मध्ये छत्तीसगढीला राजभाषेचा दर्जा दिला. तथापि, २०११ च्या जनगणनेत सुमारे १ कोटी ६२ लाख लोकांनी मातृभाषा म्हणून नोंदवलेली ही भाषा हिंदीच्या गटातच मोजली गेली. राजभाषेचा दर्जा मिळण्याच्या तीन दशके आधीच, केवळ हसण्याहसवण्याच्या बळावर, तन्वीर यांच्या नटांनी तिला देशाच्या रंगभूमीवर मानाचे स्थान मिळवून दिले होते.