फाळकेंनी बायकोचे दागिने आणि विमा गहाण ठेवला, पण पहिला व्हिडिओ काढला तो वाटाण्याचा

कुंडीत बी पेरायचं, रोज थोडं शूट करायचं आणि महिन्याभराची वाढ मिनिटभरात दाखवायची. असे टाइमलॅप्स रील तुम्ही शेकड्याने बघितले असतील. दादासाहेब फाळकेंनी हेच 1912 साली केलं होतं. तेही हौस म्हणून नाही, कर्ज मिळावं म्हणून!

30 एप्रिल 1870 ला त्र्यंबकेश्वरला जन्मलेले धुंडिराज गोविंद फाळके चाळिशीपर्यंत बरंच काही करून बसले होते. जे. जे. मध्ये चित्रकला, गोध्र्यात फोटो स्टुडिओ, मग छापखाना. छापखान्यात भागीदारांशी बिनसलं. त्यातच मुंबईत येशू ख्रिस्ताच्या आयुष्यावरचा सिनेमा बघितला आणि डोक्यात एकच शिरलं, आपले देव असे पडद्यावर आले पाहिजेत.

त्यानंतर दिवसरात्र सिनेमे बघणं आणि प्रयोग करणं सुरू झालं. झोप नाही. डोळ्यांवर एवढा ताण आला की काही काळ दिसेनासं झालं. उपचारांनी नजर परत आली, तर गडी विमा पॉलिसी गहाण टाकून थेट लंडनला गेला. येताना कॅमेऱ्याची ऑर्डर देऊन आला.

आता सिनेमाला पैसा कोण देणार? नुसतं सांगून कोणाला पटेना. म्हणून फाळकेंनी कुंडीत वाटाणे पेरले आणि महिनाभर एकेक फ्रेम टिपली. पडद्यावर रोप मिनिटभरात सरसर वाढलं, आणि बघणाऱ्यांपैकी एकाने कर्ज द्यायची तयारी दाखवली. तारण म्हणून सरस्वतीबाईंचे दागिने गेले.

सरस्वतीबाईंचं काम एवढ्यावर संपलं नाही. फिल्मला भोकं पाडणं, ती धुणं हे त्या शिकल्या आणि दादरच्या घरात सगळ्या युनिटचा स्वयंपाकही त्यांच्याकडेच होता. श्रेयनामावलीत त्यांचं नाव असायला हवं होतं, असं आमचं मत.

तारामतीच्या भूमिकेला एकही बाई तयार होईना. शेवटी हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. 3 मे 1913 ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला आणि तुफान चालला.

पुढे 'लंका दहन' त्याहून जोरात चालला. पण बोलपट आले आणि फाळके मागे पडले. 1937 चा 'गंगावतरण' हा त्यांचा एकमेव बोलपट. 16 फेब्रुवारी 1944 ला नाशकात ते गेले, तेव्हा हाताशी फारसं काही उरलेलं नव्हतं. त्यांच्या नावाचा पुरस्कार सुरू झाला 1969 साली.