छताला चिकटलेलं अंडं आणि पर्सी स्पेन्सर

परीक्षेच्या आदल्या रात्री साडेअकराला भूक लागली की खोली करून राहणाऱ्या आपल्यासारख्यांचा आधार एकच, अंडं. मेस केव्हाच बंद झालेली असते. मॅगीचा कंटाळा आलेला असतो. तुम्ही आरमोरीत असाल तर ऑमलेटची गाडीसुद्धा एव्हाना आवरून घरी गेलेली असते.

मी आरमोरीहून नागपूरला शिकायला गेले तेव्हा आम्ही पाच जणींनी पैसे काढून एक जुना मायक्रोवेव्ह घेतला होता. पहिल्याच आठवड्यात मी त्यात एक अख्खं अंडं कवचासकट ठेवलं आणि बटण दाबलं. थोड्याच वेळात धाडकन आवाज झाला, दार आपोआप उघडलं आणि पुढचा अर्धा तास मी मायक्रोवेव्हच्या आतल्या छताला चिकटलेला बलक चमच्याने खरवडत बसले. रूम पार्टनर्सनी त्यानंतर माझं काय नाव ठेवलं ते इथे छापण्यासारखं नाही.

पण दोस्तांनो, हा पराक्रम करणारी मी पहिली नाही. १९४५ च्या सुमारास अमेरिकेत एका इंजिनिअरच्या तोंडावर असंच अंडं फुटलं होतं, तेही मायक्रोवेव्ह बाजारात यायच्या आधी! तो प्रयोग होता पर्सी स्पेन्सरचा. मायक्रोवेव्ह ओव्हन शोधणारा माणूस म्हणून त्याचं नाव तुम्ही कुठेतरी वाचलं असेल. त्याची गोष्ट एका ओळीत सांगून टाकतात. खिशातलं चॉकलेट वितळलं आणि शोध लागला. म्हणजे काय, नशीब!

आता त्या चॉकलेटच्या आधीची पन्नास वर्षं बघा आणि मग ठरवा.

पर्सीचा जन्म १८९४ चा. अमेरिकेच्या ईशान्य टोकाला मेन नावाचं राज्य आहे, तिथलं हाऊलंड हे त्याचं गाव. जंगल, नदी आणि लाकडाचा धंदा. आपल्याकडे वैनगंगा, सागवान आणि बांबू, तिकडे पेनॉबस्कॉट नदी आणि पाइनची झाडं, एवढाच काय तो फरक. पर्सी दीड वर्षाचा असताना वडील वारले. थोड्याच दिवसांत आई त्याला सोडून निघून गेली. नात्यातल्या एका जोडप्याने त्याला सांभाळलं. तो सात वर्षांचा झाला तेव्हा त्या घरातला कर्ता माणूसही गेला. उरली ती बाई आणि हा पोरगा.

बाराव्या वर्षी शाळा सुटली. गावाजवळ लाकडाची रिळं बनवणारी गिरणी होती, तिथे तो कामाला लागला. पहाटे अंधारात जायचं आणि संध्याकाळी अंधारात परत यायचं. अशी चार वर्षं गेली. आपल्या राईस मिलमध्ये सीझनला हमाली करून कॉलेजची फी भरणारी मुलं तुमच्याही वर्गात असतील. त्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको.

सोळाव्या वर्षी त्याला कळलं की जवळच्या पेपर मिलमध्ये वीज येणार आहे. बल्लारपूरची पेपर मिल तुम्ही पाहिली असेल, निदान बसच्या खिडकीतून तिचा वास तरी घेतला असेल. तसलीच एक मिल, पण अजून विजेशिवाय चालणारी. त्या भागात विजेचं काम येणारी माणसं फारशी नव्हती, आणि पर्सीलाही ते येत नव्हतंच. पण मिळेल तिथून वाचून, बघून, हात घालून तो शिकला. मिलमध्ये वीज बसवायला जे तीन जण घेतले, त्यांत हा एक होता. हातात प्रमाणपत्र नव्हतं, आयटीआय नाही की डिप्लोमा नाही. काम संपेपर्यंत मात्र तो पक्का वायरमन झाला होता.

१९१२ मध्ये टायटॅनिक बुडाली. जहाज बुडत असताना बिनतारी यंत्रावरून मदत मागत राहिलेल्या ऑपरेटर्सची गोष्ट सगळीकडे पसरली आणि अठरा वर्षांच्या पर्सीच्या डोक्यात वायरलेस घुसला. तो नौदलात भरती झाला. तिथे त्याने काय केलं माहितीये? रात्रीच्या पहाऱ्यावर उभं असताना पुस्तकं वाचली. त्रिकोणमिती, कॅल्क्युलस, रसायनशास्त्र, भौतिकशास्त्र, एकामागून एक. ज्याने सातवी-आठवीचं वर्गही धड पाहिले नव्हते, तो माणूस रात्री जागून हे सगळं स्वतःचं स्वतः शिकत होता. क्लास नाही, गाईड नाही, समोर शिकवणारं कोणी नाही.

पुढे १९२० च्या दशकात तो मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या एका नव्या कंपनीत लागला. ही कंपनी पुढे रेथिऑन या नावाने मोठी झाली. रेडिओच्या व्हॅक्यूम ट्यूब बनवणं हे तिचं काम. दहा-पंधरा वर्षांत या क्षेत्रातल्या जाणकारांमध्ये पर्सीचं नाव घेतलं जाऊ लागलं.

मग दुसरं महायुद्ध आलं. १९४० मध्ये ब्रिटिश शास्त्रज्ञ एक गुपित घेऊन अमेरिकेत आले. मॅग्नेट्रॉन नावाची, मुठीत मावेल एवढी वस्तू. रडारच्या लहरी तयार करणारं हे यंत्र. ते असलं की अंधारातही शत्रूचं विमान किंवा पाणबुडी सापडू शकायची. अडचण अशी की ते बनवायला तांब्याचा भरीव ठोकळा आतून अत्यंत काटेकोर कोरावा लागायचा. कसलेला कारागीर आणि भरपूर वेळ, दोन्ही हवं. युद्धात वेळ कोणाकडे असतो?

पर्सीने ठोकळा कोरायचा नाद सोडला. तांब्याचे पातळ पत्रे एकाच आकारात कापायचे, एकावर एक रचायचे आणि भट्टीतून काढून जोडायचे. झाला मॅग्नेट्रॉन. दिवसाला १७ बनायचे, ते युद्ध संपेपर्यंत दिवसाला २,६०० बनू लागले. अमेरिकी नौदलाने नागरिकाला देतात तो आपला सर्वोच्च सन्मान त्याला दिला. लाकडाच्या गिरणीत राबलेल्या माणसाला एकाच आकाराच्या वस्तू भराभर कशा काढतात हे ठाऊक असणारच, असं मला राहून राहून वाटतं.

आणि आता येतं ते प्रसिद्ध चॉकलेट. एक दिवस चालू मॅग्नेट्रॉनजवळ उभा असताना पर्सीच्या लक्षात आलं की खिशातली वडी वितळून चिकट झालीये. नातू सांगतो की ती शेंगदाण्याची वडी होती, आजोबा जेवणाच्या सुट्टीत खारींना घालायला खिशात ठेवायचे. काहीही असो, पँट खराब झाली. या लहरींजवळ ऊब लागते हे त्याच्या आधीही काही जणांना जाणवलं होतं. त्यांनी ते सोडून दिलं. पर्सीने मक्याचे दाणे मागवले आणि मॅग्नेट्रॉनसमोर धरले. दाणे फुटून खोलीभर लाह्या उडाल्या.

त्यानंतरचा प्रयोग आपल्या अंड्याचा. एका किटलीच्या बाजूला भोक पाडलं, आत अख्खं अंडं ठेवलं आणि भोकातून लहरी सोडल्या. एक सहकारी काय होतंय ते बघायला वाकला. अंडं फुटलं ते थेट त्याच्या तोंडावर.

का फुटलं? हे समजून घेतलंत तर तुमचा मायक्रोवेव्ह वाचेल. आपल्या घरच्या मायक्रोवेव्हमधल्या लहरी सेकंदाला सुमारे २४५ कोटी वेळा आंदोलित होतात. पाण्याचे रेणू त्यांच्या तालावर वळायला बघतात, शेजाऱ्यांना धडकतात आणि पदार्थ तापतो. अंड्यात जवळपास तीन चतुर्थांश पाणी असतं. चुलीवर अंडं उकडताना उष्णता बाहेरून हळूहळू आत जाते आणि भोवतालच्या पाण्यामुळे अंडं शंभर अंशांच्या वर जात नाही. मायक्रोवेव्हमध्ये लहरी कवच ओलांडून थेट आत शिरतात. आत वाफ तयार होते, तिला बाहेर पडायला वाट नसते. कवचाचं होतं तेच बलकाभोवतीच्या पातळ पापुद्र्याचंही. म्हणून सोललेलं उकडलेलं अंडं पुन्हा गरम करायला ठेवणंही धोक्याचं. ते आत शांत राहतं आणि दाताखाली फुटतं. तोंड आणि डोळे भाजू शकतात, तेव्हा ही गंमत करून बघू नका.

मग करायचं कसं? मातीचा किंवा काचेचा मग घ्या, स्टीलचा नाही. आतून तेलाचा हात फिरवा. दोन अंडी फोडून घाला, चमचाभर दूध, मीठ, चिरलेला कांदा, मिरची, आणि काट्याने चांगलं फेटा. तीस सेकंद ठेवा, काढून ढवळा. पुन्हा तीस सेकंद. अजून ओलसर वाटलं तर दहा-दहा सेकंदांनी वाढवा. थोडं मऊ असतानाच काढा आणि मिनिटभर झाकून ठेवा, उरलेलं ते आपल्याच उष्णतेने शिजतं. पण खाण्याआधी कुठे पातळ राहिलं नाही ना हे बघा. फेटायचं नसेल तर बलकाला काट्याने दोन-तीन ठिकाणी टोचायला मात्र विसरू नका. वाफेला वाट करून दिली की अंडं गुमान शिजतं.

पर्सीने अंड्याचा तो प्रयोग तिथे सोडला नाही. ८ ऑक्टोबर १९४५ ला त्याने पेटंटसाठी अर्ज केला आणि त्या अर्जात उदाहरण म्हणून चक्क अंडं उकडण्याचा उल्लेख केला. २४ जानेवारी १९५० ला पेटंट मिळालं. कंपनीने १९४७ मध्येच पहिला ओव्हन काढला होता. माणसाएवढा उंच, वजन सुमारे ३४० किलो, थंड ठेवायला पाण्याचा नळ जोडावा लागायचा. घरात कोण घेणार? हॉटेलं, जहाजं अशा ठिकाणी तो गेला. ओट्यावर ठेवता येईल असा घरगुती ओव्हन यायला १९६७ साल उजाडलं. किंमत ४९५ डॉलर.

आणि या सगळ्याचे पर्सीला किती पैसे मिळाले? दोन डॉलर. कंपनी आपल्या प्रत्येक संशोधक नोकराला पेटंटमागे ठरावीक बक्षीस द्यायची, तेवढंच. रॉयल्टी नाही. पगार आणि पद मात्र वाढत गेलं. तो कंपनीचा वरिष्ठ उपाध्यक्ष झाला, संचालक मंडळावर बसला. ज्याची शाळा बाराव्या वर्षी सुटली, त्याला मॅसॅच्युसेट्स विद्यापीठाने मानद डॉक्टरेट दिली. १९७० मध्ये तो गेला. घरोघरी मायक्रोवेव्ह पोचायला तेव्हा नुकती सुरुवात होत होती.

ही गोष्ट वाचून कोणी म्हणेल, बघा, डिग्रीची गरजच नाही. प्लीज, असा अर्थ काढू नका. पर्सीने शाळा हौसेने सोडली नव्हती, ती सुटली होती, आणि ते सगळं भरून काढायला त्याला कित्येक रात्री जागाव्या लागल्या. आपल्याला निदान लायब्ररीचं कार्ड आहे, मोबाइलमध्ये लेक्चर्स आहेत. गोंडवाना विद्यापीठाची डिग्री पुण्या-मुंबईत चालेल का, इंग्रजी कधी सुधारेल, आपल्याकडे कोण येऊन कंपनी काढणार, ही आपली नेहमीची टेन्शन्स खरीच आहेत. मलाही आहेत. ऑफिसमध्ये मी आरमोरीची म्हटलं की पुढचा प्रश्न असतो, ते नक्की कुठे आलं?

मला या माणसाचं अप्रूप वाटतं ते दुसऱ्याच गोष्टीसाठी. वडी वितळली तेव्हा तो पन्नाशीच्या आसपासचा होता, कंपनीत नाव होतं, युद्धातलं मोठं काम गाठीशी होतं. पँट झटकून पुढे जाता आलं असतं. त्याने मक्याचे दाणे मागवले, आणि ते जमलं म्हटल्यावर अंडं.

छताला चिकटलेला बलक खरवडताना मी फक्त वैतागले होते. असं का झालं, हा प्रश्न मला पडला तो तब्बल दोन वर्षांनी, हा लेख लिहायला घेतल्यावर. तुम्ही एवढा वेळ लावू नका. आज रात्री भूक लागली तर मग घ्या, अंडी फोडा, नीट फेटा. आणि ते तीस सेकंद मोबाइलमध्ये न बघता जरा काचेतून आत बघा. अंडं कडेने आधी फुगतं की मधून? एकसारखं शिजतं की ठिकठिकाणी? उत्तर सापडलं तर मला कळवा.