मुक्या जनावरांचीही शुश्रूषा करणारा तंजावूरचा मराठा राजा

तंजावूरच्या राजवाड्यातील सरस्वती महाल ग्रंथालयात रामायण-महाभारताच्या पोथ्यांबरोबरच हत्ती आणि घोडे यांच्याविषयीची सचित्र हस्तलिखितेही जपून ठेवलेली आहेत. जनावरांचे ज्ञान हा आपल्याकडे जुनाच विषय. परंतु त्याला प्रत्यक्ष उपचारांची जोड देणारे राजे म्हणून दुसऱ्या सरफोजीराजे भोसले यांचे नाव घ्यावे लागते. धन्वंतरी महाल या त्यांच्या संस्थेत माणसांप्रमाणेच आजारी जनावरांवरही इलाज होत असत.

छत्रपती शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजीराजे यांनी सतराव्या शतकात तंजावूरला मराठा राज्य स्थापन केले. याच भोसले कुळात 1777 साली सरफोजींचा जन्म झाला. तुळजाराजांनी 1787 मध्ये त्यांना दत्तक घेतले आणि त्याच वर्षी तुळजाराजांचे निधन झाले. दत्तकविधान अशास्त्रीय ठरवून राजांचे सावत्र बंधू अमरसिंह गादीवर बसले. राजवाड्यात कोंडल्यासारख्या अवस्थेत वाढणाऱ्या या मुलाच्या बाजूने जर्मन मिशनरी श्वार्ट्झ उभे राहिले. पुढे मुलाला मद्रासला हलविण्यात आले आणि तेथे त्याचे शिक्षण झाले.

1798 मध्ये सरफोजींना गादी मिळाली, पण राज्य फार काळ हाती राहिले नाही. 1799 च्या तहान्वये कारभार ईस्ट इंडिया कंपनीकडे गेला. राजांकडे उरला तो किल्ला, लगतचा थोडा परिसर आणि ठरावीक तनखा. अशा स्थितीत अनेक संस्थानिकांनी ऐषारामात दिवस काढले. सरफोजींनी मात्र उरलेल्या पैशाचा आणि वेळेचा निराळाच विनियोग केला.

धन्वंतरी महालात आयुर्वेद, सिद्ध व युनानी वैद्य आणि पाश्चात्त्य वैद्यकाचे जाणकार यांचे ज्ञान एकत्र आले. अनुभवास उतरलेले उपाय तमिळ पद्यात ग्रथित करण्यात आले. नेत्ररुग्णांची टिपणे ठेवली जात आणि त्यासोबत डोळ्यांची रंगीत चित्रेही काढून घेतली जात. ती आजही पाहावयास मिळतात. रुग्ण सामान्य असला तरी त्याची नोंद राहिली, हे विशेष. पशुपक्ष्यांविषयीचे त्यांचे कुतूहलही असेच होते. निसर्गचित्रांचा एक संच त्यांनी रेसिडेंट बेंजामिन टोरिन यांना भेट दिला. तो आता लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे.

त्यांच्या आयुष्यातील खरा कसोटीचा प्रसंग 1801 सालचा. रामेश्वरच्या वाटेवरील छत्रे, म्हणजे यात्रेकरूंसाठीची अन्नछत्रे व धर्मशाळा, कंपनीच्या ताब्यात जाण्याची वेळ आली. राज्य जाताना न केलेली विनवणी सरफोजींनी छत्रांसाठी केली. कंपनीला लिहिलेल्या पत्रात त्यांनी या छत्रांचे काम तपशीलवार मांडले. तेथे ब्राह्मणापासून अंत्यजापर्यंत सर्वांना अन्न मिळे. मध्यरात्री घंटा वाजवून उपाशी राहिलेल्यांना बोलावले जाई. तान्ह्या मुलांना दूध, गर्भवतींना आधार, सर्पदंशावर इलाज यांची सोय होती. वाटेतच कोणी मरण पावला तर त्याच्या जातीच्या रीतीप्रमाणे त्याचा अंत्यविधी केला जाई. परक्या मुलखात बेवारस मरणाऱ्याची एवढी काळजी वाहणाऱ्या या व्यवस्थेला धक्का लावू नये, हाच पत्राचा गाभा होता. छत्रे पुढेही चालू राहिली. ओरत्तनाडू येथे मुक्तांबाळ हिच्या नावाने सरफोजींनी स्वतः उभारलेल्या छत्रात तर मुलांच्या शिक्षणाचीही व्यवस्था होती.

श्वार्ट्झ यांचा उपकार ते विसरले नाहीत. शिल्पकार फ्लॅक्समन यांच्याकडून इंग्लंडमध्ये संगमरवरी स्मारक घडवून घेऊन त्यांनी ते तंजावूरच्या चर्चमध्ये बसविले. राजे स्वतः हिंदूच राहिले आणि 1820 नंतर त्यांनी काशीयात्राही केली. बिशप हेबर 1826 मध्ये त्यांना भेटले, तेव्हा लिनियस, ब्युफाँ, लाव्हाझिए यांच्याविषयीची राजांची माहिती पाहून ते चकित झाले.

7 मार्च 1832 रोजी सरफोजींचे निधन झाले. पुत्र शिवाजीराजे 1855 मध्ये पुत्रसंतती नसताना वारले आणि कंपनीने संस्थान खालसा केले. सरफोजींनी वाढविलेले ग्रंथालय मात्र 1918 मध्ये सर्वांसाठी खुले झाले. तेथील हजारो पोथ्यांमध्ये मराठी हस्तलिखितांचाही मोठा संग्रह आहे.