खारं पाणी तोलणारे अल बिरुनी

अबू रैहान अल बिरुनी म्हटलं की आपल्याला ‘किताबुल हिंद’ आठवतो. पाणी तोलणारे बिरुनी मात्र आपण मुलांना सांगतच नाही. जन्म 973 सालचा, ख्वारिज्मचा. 1017 मध्ये महमूद गझनवीनं ख्वारिज्म घेतलं आणि त्यांना गझनीला नेलं. मर्जी कोण विचारतो! गझनी डोंगरातली, समुद्र कुठल्या कुठे.

त्यांनी निमुळत्या तोंडाचं, तोटी असलेलं भांडं बनवलं. तोटीपर्यंत पाणी भरायचं, रत्न किंवा धातूचा तुकडा आत सोडायचा आणि बाहेर पडलेलं पाणी तोलायचं. पण पाणीच बदललं तर? म्हणून त्यांनी गार-गरम, गोडं-खारं असं पाणीही तोलून पाहिलं. माप तेच, तरी खारं पाणी जड भरतं. आज आपल्याला माहीत आहे, एक किलो समुद्राच्या पाण्यात साधारण 35 ग्रॅम क्षार असतात. म्हणूनच भरलेली होडी समुद्रातून नदीत शिरली की जराशी खाली बसते.

अरबस्तानच्या वाळवंटात विहिरी खोदताना निघणाऱ्या शिंपल्यांवरून, इथं कधीकाळी समुद्र होता, हेही त्यांनी ओळखलं. सुमारे 1050 मध्ये गझनीतच त्यांचा इंतकाल झाला.