लेखणी पत्नीची, मालकी पतीची

संसार मोडू लागला म्हणजे स्त्रीने न्यायालयात दाद मागावी, असा सल्ला आज सहज दिला जातो. परंतु कायद्याच्या लेखी विवाहित स्त्री ही स्वतंत्र व्यक्तीच नव्हती, तेव्हा तिने दाद मागावी कोणत्या नात्याने? इंग्रज लेखिका कॅरोलिन नॉर्टन (1808-1877) यांचे सारे आयुष्य या प्रश्नाशी झुंजण्यात गेले.

नाटककार रिचर्ड शेरिडन यांच्या या नातीचा विवाह 1827 साली जॉर्ज नॉर्टन या बॅरिस्टरशी झाला. पती मारहाण करी. संसाराला आधार असे तो पत्नीच्या लेखनाच्या मानधनाचा. 1836 साली त्याने तिन्ही मुलगे आईपासून तोडले आणि तिच्याशी व्यभिचार केल्याचा आरोप ठेवून पंतप्रधान लॉर्ड मेलबर्न यांच्यावर 10,000 पौंडांच्या भरपाईचा दावा लावला. अब्रू पणाला लागली होती कॅरोलिन यांची. पण खटल्यात त्यांना पक्षकार म्हणून स्थानच नव्हते. ज्यूरीने दावा फेटाळला.

निर्दोषत्वाचे फळ मात्र विपरीत मिळाले. व्यभिचार शाबीत न झाल्याने घटस्फोटाची वाट बंद झाली आणि मुलांवर हक्क राहिला तो पित्याचाच. कॅरोलिन यांनी पत्रके लिहून लोकमत जागे केले. 1839 च्या कायद्याने सात वर्षांखालील मुलांचा ताबा मागण्याची सोय मातेला झाली; परंतु नॉर्टनने मुले स्कॉटलंडमध्ये, इंग्लंडच्या न्यायालयांच्या कक्षेबाहेर ठेवली होती. 1842 साली धाकटा मुलगा घोड्यावरून पडून दगावला. आई पोहोचली तेव्हा सारे संपले होते.

पुढे पतीने ठरलेला निर्वाहखर्च थांबविला. त्याविषयी लेखी करार होता. पण पतिपत्नी कायद्याने एकच व्यक्ती असल्याने तो बंधनकारक नव्हता. उलट पत्नीच्या पुस्तकांचे उत्पन्न कायद्याने पतीचेच! तेव्हा पतीवर माझी मालकी नसली तरी माझ्या कर्जाची जबाबदारी त्याचीच, हे कायद्याचे दुसरे टोक पकडून कॅरोलिन यांनी धनकोंना पतीकडे धाडले. 1853 साली गाडी दुरुस्त करणाऱ्याच्या बिलावरून दावा उभा राहिला, तेव्हा पतीने त्यांचे बँकेतील व्यवहारही चव्हाट्यावर आणले.

1855 साली त्यांनी राणी व्हिक्टोरियाला उद्देशून जाहीर पत्र प्रसिद्ध केले. 1857 च्या विवाहविषयक कायद्याने परित्यक्त पत्नीची त्यानंतरची कमाई पती व त्याचे धनको यांच्यापासून सुरक्षित राखणारा आदेश न्यायालयाकडून मिळू लागला. हे श्रेय एकट्या कॅरोलिन यांचे नव्हे; त्या स्त्रीपुरुष समतेच्या पुरस्कर्त्याही नव्हत्या. तथापि त्यांच्या गाऱ्हाण्यांचा ठसा त्या कायद्यावर स्पष्ट दिसतो. त्याच धर्तीची तरतूद ख्रिस्ती विवाहांसाठी भारतात 1869 च्या कायद्याने आली.

स्वतः कॅरोलिन यांची सुटका झाली ती कायद्याने नव्हे, तर 1875 साली पतीच्या मृत्यूने. 1877 च्या मार्चमध्ये त्यांनी पुनर्विवाह केला आणि जूनमध्ये त्या निवर्तल्या.

मारणारा हात रोखणे हे संरक्षणाचे अर्धेच काम होय. तोच हात कमाईवरूनही दूर करावा लागतो. भारतातील 2005 च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्यात बँक खाते व स्त्रीधन यांविषयीही संरक्षण आदेश देता येतो, त्याचे मर्म हेच आहे. ज्या स्त्रीच्या हाती वकिलाची फी देण्याइतकाही स्वतःचा पैसा नाही, तिच्यासाठी न्यायालयाचे दार उघडे असूनही दूरच राहते.