मुंबईच्या दगडांत उरलेला बाथचा वास्तुशिल्पी

छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसच्या पायऱ्यांवर उभे राहून समोर पाहिले, की मुंबई महानगरपालिकेचे मुख्यालय दिसते. दोन इमारतींमध्ये रस्त्याची रुंदी तेवढी आहे. एक रेल्वे कंपनीने बांधली, दुसरी शहराच्या नागरी संस्थेने. मात्र दोन्हींचे आराखडे एकाच माणसाने काढले होते. इंग्लंडमधून ऐन विशीत आलेल्या आणि याच शहराच्या मातीत विसावलेल्या त्या वास्तुशिल्पीचे नाव फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स.

स्टीव्हन्स यांचा जन्म ११ नोव्हेंबर १८४७ रोजी इंग्लंडमधील बाथ या शहरात झाला. तेथील वास्तुविशारद चार्ल्स डेव्हिस यांच्या हाताखाली उमेदवारी करून त्यांनी हा व्यवसाय आत्मसात केला. पुढे हिंदुस्थानच्या सार्वजनिक बांधकाम खात्याची स्पर्धा परीक्षा उत्तीर्ण होऊन १८६७ मध्ये ते सहायक अभियंता म्हणून येथे आले. पहिली नेमणूक पुण्यात होती, पण वर्षभरातच त्यांची मुंबईला बदली झाली.

तो काळ मुंबईचे रूप पालटण्याचा होता. गव्हर्नर सर बार्टल फ्रियर यांच्या कारकिर्दीत फोर्टचा जुना तट पाडला गेला होता आणि मोकळ्या झालेल्या जागेवर न्यायालय, विद्यापीठ, सचिवालय अशा इमारतींची आखणी सुरू होती. कापसाच्या तेजीने आलेला पैसा १८६५ च्या मंदीत बुडाला असला, तरी नव्या शहराची कल्पना मागे पडली नव्हती. जनरल जेम्स फुलर यांच्या हाताखाली स्टीव्हन्स या कामांत रुजू झाले. समुद्राकाठचे दमट हवामान, पावसाळ्यात झोडपणाऱ्या सरी आणि स्थानिक दगडाचे गुणदोष यांची ओळख त्यांना येथेच झाली. इंग्लंडमधील गॉथिक शैली जशीच्या तशी येथे उतरवून चालणार नाही, रुंद व्हरांडे आणि खेळती हवा यांना पर्याय नाही, हे त्या पिढीच्या वास्तुविशारदांनी प्रत्यक्ष कामातून ओळखले.

स्वतंत्र आराखड्याची पहिली मोठी संधी त्यांना ‘रॉयल आल्फ्रेड सेलर्स होम’च्या रूपाने मिळाली. ड्यूक ऑफ एडिंबरोच्या भेटीच्या स्मरणार्थ बडोद्याचे खंडेराव गायकवाड यांनी दोन लाख रुपयांची देणगी दिली आणि १८७० मध्ये ड्यूकच्याच हस्ते पायाभरणी झाली. खलाशांसाठी बांधलेली ही वास्तू १८७६ मध्ये पूर्ण झाली. पुढे तिच्यात विधिमंडळ भरत असे, तर आज तेथे महाराष्ट्र पोलिसांचे मुख्यालय आहे. या इमारतीने स्टीव्हन्स यांचे नाव सरकारी दप्तराबाहेर पोहोचले.

ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेला त्या वेळी बोरीबंदरच्या साध्या स्थानकाऐवजी आपल्या इतमामाला शोभेल असे मुख्यालय हवे होते. हिंदुस्थानातील पहिली प्रवासी गाडी १६ एप्रिल १८५३ रोजी याच बोरीबंदरहून ठाण्याकडे धावली होती. १८७७ मध्ये सरकारने स्टीव्हन्स यांच्या सेवा रेल्वेकडे वर्ग केल्या, तेव्हा ते तिशीचेही नव्हते. काम हाती घेण्यापूर्वी ते दहा महिन्यांच्या रजेवर युरोपात गेले आणि तेथील मोठी रेल्वे स्थानके त्यांनी बारकाईने पाहिली. परतल्यावर १८७८ मध्ये बांधकामास प्रारंभ झाला. कामाला जवळपास दहा वर्षे लागली आणि मुख्य इमारतीवर सुमारे १६ लाख रुपये खर्च झाले.

या इमारतीचा मुकुटमणी म्हणजे मधला घुमट. एकमेकांत खोबणीने अडकवलेल्या घडीव दगडांचा हा अष्टकोनी घुमट खालून लाकडी सांगाड्याचा आधार न देता चढवला गेला. त्याच्या शिखरावर प्रगतीची मूर्ती आहे. थॉमस अर्प यांनी मोठी शिल्पे घडवली, तर पाने, फुले, पशुपक्षी यांचे कोरीव काम सर जे. जे. कलाशाळेच्या विद्यार्थ्यांच्या हातचे आहे. प्रवेशद्वाराच्या खांबांवर ब्रिटनचा सिंह आणि हिंदुस्थानचा वाघ आमनेसामने बसले आहेत. आराखडा साहेबाचा होता, पण दगडाला आकार देणारे हात येथले होते. बांधकामावरील देखरेखीत रावसाहेब सीताराम खंडेराव वैद्य यांच्यासारख्या मराठी अभियंत्याचा वाटा मोठा होता. मात्र रोज या स्थानकातून ये-जा करणाऱ्या लाखो प्रवाशांपैकी फार थोड्यांना हे नाव ठाऊक असते.

बांधकाम मध्यावर असतानाच १८८४ मध्ये स्टीव्हन्स यांनी सरकारी नोकरीचा राजीनामा दिला आणि स्वतःचा व्यवसाय सुरू केला. हक्काचा पगार आणि निवृत्तिवेतन सोडून परक्या देशात कामे मिळवत राहण्याचा हा निर्णय जोखमीचा होता. १८८७ मध्ये राणीच्या राज्यारोहणाच्या सुवर्णमहोत्सवी वर्षात स्थानकाला ‘व्हिक्टोरिया टर्मिनस’ हे नाव मिळाले आणि १८८९ मध्ये स्टीव्हन्स यांना ‘सीआयई’ हा किताब देण्यात आला.

त्यांची खरी कसोटी मात्र समोरच्या भूखंडावर होती. महापालिकेच्या इमारतीची पायाभरणी लॉर्ड रिपन यांच्या हस्ते डिसेंबर १८८४ मध्ये झाली, पण आराखडा निश्चित होण्यास काही वर्षे गेली. मद्रासमध्ये नाव कमावलेल्या रॉबर्ट चिझम यांचा भारतीय-मुस्लिम वळणाचा आराखडाही स्पर्धेत होता. अखेरीस काम स्टीव्हन्स यांच्याकडे आले. दोन रस्त्यांच्या बेचक्यातील निमुळत्या जागेचा त्यांनी उपयोग करून घेतला आणि टोकाशी उंच मनोरा उभा केला. गॉथिक कमानींवर पौर्वात्य घुमट बसवून आपल्याच जुन्या इमारतीहून वेगळे रूप त्यांनी येथे साधले. १८८९ मध्ये सुरू झालेले काम १८९३ मध्ये संपले. याही कामावर रावसाहेब वैद्य होते आणि बांधकामाचे कंत्राट व्यंकू बालाजी कालेवार यांचे होते. मंजूर रक्कम ११ लाख ८८ हजार ९६९ रुपये होती, प्रत्यक्ष खर्च ११ लाख ८८ हजार ८२ रुपये झाला. म्हणजे एवढ्या मोठ्या कामात ८८७ रुपये शिल्लक राहिले!

त्यानंतर चर्चगेटसमोर ‘बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया रेल्वे’चे मुख्यालय त्यांनी उभारले. आज पश्चिम रेल्वेचा कारभार चालणारी ही वास्तू १८९९ मध्ये पूर्ण झाली. शहरातील दोन्ही रेल्वे कंपन्यांची मुख्यालये आता एकाच वास्तुशिल्पीच्या नावावर होती. फोर्टमधील मुलजी जेठा कारंजेही त्यांच्याच कल्पनेतून साकारले.

मात्र ही मुंबई तेव्हा सुखाची नव्हती. १८९६ पासून प्लेगने शहर हादरले होते, हिवताप तर पाचवीलाच पुजलेला. ज्या शहराला स्टीव्हन्स यांनी ३० वर्षे आकार दिला, त्याच शहराच्या तापाने त्यांना गाठले. मार्च १९०० मध्ये हिवतापाने त्यांचे मुंबईत निधन झाले, तेव्हा ते अवघे ५२ वर्षांचे होते. शिवडीच्या दफनभूमीत त्यांना चिरविश्रांती देण्यात आली.

पाच वर्षांनी चर्चगेटची इमारत आगीत सापडली. तिच्या पुनर्बांधणीचे काम त्यांचे चिरंजीव चार्ल्स स्टीव्हन्स यांनी केले. पुढे १९३३ मध्ये कुलाब्याचे रिगल चित्रपटगृह चार्ल्स यांनीच घडवले. गॉथिक मनोऱ्यांकडून आर्ट डेकोकडे झालेला मुंबईचा प्रवास या एका घराने दोन पिढ्यांत पाहिला.

स्थानकाचे नाव १९९६ मध्ये बदलून छत्रपती शिवाजी टर्मिनस झाले आणि २०१७ मध्ये त्यात ‘महाराज’ ही उपाधी जोडली गेली. त्याआधी २००४ मध्ये युनेस्कोने ही वास्तू जागतिक वारसा यादीत समाविष्ट केली होती. राणी गेली, कंपनी गेली, सिंह-वाघाच्या जोडीचा मूळ अर्थही मागे पडला. परंतु सकाळच्या पहिल्या लोकलला आजही स्टीव्हन्स यांच्याच इमारतीचा आसरा आहे आणि बाहेर पडणाऱ्या प्रवाशाची पहिली नजर पडते, ती त्यांच्याच दुसऱ्या इमारतीवर.