लुडोविक केनेडी

सर लुडोविक हेन्री कव्हर्ली केनेडी (३ नोव्हेंबर १९१९ – १८ ऑक्टोबर २००९) हे ब्रिटिश दूरचित्रवाणी पत्रकार, माहितीपटकार आणि लेखक होते. गाजलेल्या खून खटल्यांची कागदपत्रे नव्याने तपासून, निरपराध व्यक्तींना झालेल्या शिक्षा उजेडात आणणारे ग्रंथकार म्हणून ते विशेष ओळखले जातात.

प्रारंभिक जीवन

केनेडी यांचा जन्म एडिंबरा येथे झाला. शिक्षण ईटन आणि ऑक्सफर्ड येथे झाले. त्यांचे वडील एडवर्ड केनेडी हे नौदल अधिकारी होते. राखीव नौसैनिकांच्या अवज्ञेच्या एका प्रकरणात त्यांच्यावर लष्करी न्यायालयात खटला चालून ठपका ठेवण्यात आला होता. वडिलांवर झालेल्या या अन्यायात आपल्या पुढील कार्याचे मूळ असल्याचे केनेडी यांनी आत्मचरित्रात नमूद केले आहे. निवृत्तीनंतर पुन्हा सेवेत बोलावलेल्या एडवर्ड यांना २३ नोव्हेंबर १९३९ रोजी 'रावळपिंडी' या जहाजावर, दोन बलाढ्य जर्मन युद्धनौकांशी लढताना मृत्यू आला. लुडोविक स्वतःही नौदलात होते. 'बिस्मार्क' या युद्धनौकेच्या पाठलागात त्यांनी भाग घेतला आणि पुढे त्यावर 'परसूट' (१९७४) हा ग्रंथ लिहिला. नौदलाच्या इतिहासावर त्यांनी अनेक माहितीपटही केले.

१९५० मध्ये त्यांचा विवाह नर्तिका व अभिनेत्री मॉइरा शिअरर यांच्याशी झाला. वृत्तनिवेदक म्हणून नाव मिळाल्यावर त्यांनी १९५८ मध्ये रॉचडेल येथील पोटनिवडणूक लिबरल पक्षातर्फे लढवली व दुसरे स्थान मिळवले.

रिलिंग्टन प्लेस प्रकरण

टिमोथी एव्हान्स हा जेमतेम साक्षर असलेला वाहनचालक लंडनमधील १०, रिलिंग्टन प्लेस या घरात वरच्या मजल्यावर राहत असे. १९४९ मध्ये त्याची पत्नी आणि तान्ही मुलगी यांचे खून झाले. पोलिसांपुढे दिलेले परस्परविरोधी जबाब एव्हान्सला भोवले आणि मुलीच्या खुनाबद्दल ९ मार्च १९५० रोजी त्याला फाशी देण्यात आली. सरकार पक्षाचा प्रमुख साक्षीदार होता तळमजल्यावरील भाडेकरू जॉन ख्रिस्ती. तीन वर्षांनी याच ख्रिस्तीच्या घरात व अंगणात स्त्रियांचे मृतदेह सापडले. एकाच घरात स्त्रियांचे गळे आवळणारे दोन वेगवेगळे खुनी राहत होते, असे मानल्याखेरीज मूळ निकाल टिकत नव्हता. तरीही १९५३ च्या घाईघाईने झालेल्या सरकारी चौकशीने तो उचलून धरला.

केनेडी यांच्या 'टेन रिलिंग्टन प्लेस' (१९६१) या ग्रंथाने ही विसंगती सामान्य वाचकापुढे मांडली. एव्हान्सचा कबुलीजबाब पोलिसांनी त्याच्या तोंडी घातला, असे त्यांचे प्रतिपादन होते. १९६६ मध्ये एव्हान्सला मरणोत्तर माफी मिळाली. तत्पूर्वी १९६५ मध्येच ब्रिटनमध्ये खुनासाठीची फाशी स्थगित झाली होती आणि १९६९ मध्ये ती कायमची रद्द झाली. या बदलामागे अनेकांचे प्रयत्न होते. मात्र एव्हान्सचे नाव त्या चर्चेत सतत येत राहिले. ग्रंथावर १९७१ मध्ये चित्रपट निघाला. त्यात ख्रिस्तीची भूमिका रिचर्ड ॲटनबरो यांनी केली. भारतीय प्रेक्षक त्यांना 'गांधी'चे दिग्दर्शक म्हणून ओळखतात.

नंतरचे कार्य

केनेडी यांनी केवळ सहानुभूती वाटावी अशांचीच बाजू घेतली नाही. ग्लासगोचा पॅट्रिक मीहन हा तिजोऱ्या फोडणारा सराईत गुन्हेगार होता. पण एअर गावातील खून त्याने केला नव्हता. 'अ प्रिझम्प्शन ऑफ इनोसन्स' (१९७६) हे पुस्तक त्याच्या खटल्यावर आहे. त्याच वर्षी मीहनला राजमाफी मिळाली. ल्यूटन येथील पोस्टमास्तरच्या खुनात जन्मठेप भोगणाऱ्या दोघांची १९८० मध्ये सुटका झाली, त्यातही केनेडी यांच्या पुस्तकाचा वाटा होता. त्यांची दोषसिद्धी रद्द व्हायला मात्र २००३ साल उजाडले; तोवर दोघेही मरण पावले होते.

अमेरिकेतील लिंडबर्ग अपहरण प्रकरणावर त्यांनी बीबीसीसाठी माहितीपट केला आणि 'दि एअरमन अँड द कार्पेंटर' (१९८५) हा ग्रंथ लिहिला. १९३६ मध्ये देहदंड झालेला ब्रूनो हाउप्टमान निर्दोष होता, हे त्यांचे मत सर्वमान्य झालेले नाही. या ग्रंथात संशोधकापेक्षा वकील वरचढ ठरतो.

१९९४ मध्ये त्यांना 'सर' हा किताब मिळाला. उत्तरायुष्यात त्यांनी इच्छामरणाचा पुरस्कार केला आणि याच प्रश्नावर २००१ मध्ये लिबरल डेमोक्रॅट पक्ष सोडून अपक्ष म्हणून निवडणूक लढवली. सॉल्झबरी येथे वयाच्या ८९ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.